रॉड कोण मोजतो

आमच्या घरात एक रुपयाच्या जुन्या नोटांची एक गड्डी पत्र्याच्या डब्यात जपून ठेवलेली आहे. आहेराच्या पाकिटात पाचशेच्या नोटेसोबत एक रुपया ठेवल्याखेरीज आईला ते पाकीट पुरे झाल्यासारखे वाटत नाही. २०२५च्या जानेवारीत माझा मामेभाऊ गड्ड्याच्या यात्रेसाठी सोलापूरला आला, तेव्हा आई माघातल्या दोन लग्नांची पाकिटे आधीच भरून ठेवत बसली होती. त्याने गड्डीतली एक नोट उचलली, उलटी केली आणि माझ्यापुढे धरली. नोटेच्या मागच्या बाजूला समुद्रात पाय रोवून उभा असलेला एक लोखंडी सांगाडा छापलेला आहे. ही नोट मी आयुष्यभर हाताळली, पण ते चित्र कशाचे आहे हे कधी निरखून पाहिले नव्हते. ‘अण्णा, हा सागर सम्राट. मुंबई हायला पहिले तेल यानेच काढले,’ तो म्हणाला.

मामेभाऊ इलेक्ट्रिशियन आहे आणि एका ठेकेदारामार्फत मुंबईच्या समुद्रातील तेलाच्या प्लॅटफॉर्मवर काम करतो. चौदा दिवस समुद्रात आणि चौदा दिवस घरी अशी त्याची पाळी असते. जुहूच्या विमानतळावरून हेलिकॉप्टरने जायचे आणि दोन आठवडे खाली पाणी व वर आकाश एवढेच पाहायचे. त्याच आठवड्यात बातमी आली होती की, मुंबई हाय या तिथल्या तेलक्षेत्राचे घटत चाललेले उत्पादन वाढवण्यासाठी ओएनजीसी या सरकारी तेल कंपनीने बीपी या ब्रिटिश कंपनीची तांत्रिक सेवा पुरवठादार म्हणून दहा वर्षांसाठी निवड केली आहे. त्याच्या सोबतच्या कामगारांत त्याचीच चर्चा चालली होती. त्याने मला सरळ विचारले, ‘अण्णा, पन्नास वर्षे आपणच तिथे तेल काढतोय की. मग आता परत बाहेरची कंपनी कशाला?’

मी महाविद्यालयात कॉस्टिंग शिकवतो. तेलाच्या भूशास्त्रात मला गती नाही, पण खर्चाचा हिशेब कोण लिहितो, कोण तपासतो आणि नफा कुठून मोजायला सुरुवात करायची हे कोण ठरवतो, हे प्रश्न माझ्या रोजच्या कामाचे आहेत. समुद्रातल्या तेलावर परदेशी कंपन्यांचे वर्चस्व कसे बसते आणि कुठे सैल होते, हे त्याच्या प्रश्नामुळे मी गेले काही महिने वाचत राहिलो. वाचताना मला पुन:पुन्हा आमच्या मोहोळ तालुक्यातल्या शेतातला एक उन्हाळा आठवत होता.

२०१३ साली आमच्या जिल्ह्यात दुष्काळ होता, विहिरींनी तळ गाठला होता आणि काकांनी बोअर मारायचे ठरवले. पाणाड्याने हातावर नारळ ठेवून जागा दाखवली आणि एजंटाने गाडी पाठवली. बोअरच्या गाड्या आमच्याकडे बहुतेक वेळा तमिळनाडूतून येतात. यंत्र त्यांचे, डिझेल त्यांचे, माणसे त्यांची आणि भाषाही त्यांचीच. फुटाला दर ठरलेला असतो, तीनशे फुटांनंतर तो वाढतो आणि केसिंग पाइपचे पैसे वेगळे द्यावे लागतात. रात्री साडेनऊला कॉम्प्रेसर सुरू झाला. पहिले चाळीस फूट मुरूम लागला, मग काळा पाषाण लागला आणि सगळे शेत पांढऱ्या धुळीने भरून गेले. वीस फुटांचा एक रॉड खाली गेला की त्यावर दुसरा चढवायचा, असे काम पहाटेपर्यंत चालले होते. काका बांधावर बसून होते आणि प्रत्येक रॉड चढला की एक खडा आपल्या टोपीत टाकत होते. सकाळी गाडीवाल्याने ६४० फुटांचे बिल सांगितले. काकांनी टोपी जमिनीवर उलटी केली. खडे एकोणतीस होते, म्हणजे ५८० फूट. गाडीवाला थोडा वेळ खड्यांकडे पाहत राहिला आणि मग त्याने ५८० फुटांचे पैसे घेतले.

शेत आमचे होते, सातबारा आमच्या नावावर होता, पाणी लागले असते तर तेही आमचेच होते. पण त्या रात्रीपुरता सगळा व्यवहार ज्याच्याकडे यंत्र होते त्याच्या हातात होता, आणि त्याच्यापुढे काकांच्या बाजूने उभे राहणारी एकच गोष्ट होती, ती म्हणजे टोपीतले खडे. देशांच्या बाबतीतही याहून फार वेगळे घडत नाही, असे माझे मत झाले आहे. किनाऱ्यासमोरच्या समुद्रतळातल्या तेलावर त्या राष्ट्राचा हक्क आहे हे आंतरराष्ट्रीय कायदा मान्य करतो, पण रॉड मोजणारे माणूस नसेल तर तो हक्क कागदावर राहतो.

समुद्रातल्या तेलाचा करार बहुतेक ठिकाणी आपल्याकडच्या बटईसारखा असतो. जमीनमालकाने जमीन द्यायची, कसणाऱ्याने बियाणे, खत आणि मेहनत घालायची, आलेल्या पिकातून आधी खर्च वळता करायचा आणि उरलेले वाटून घ्यायचे. तेलाच्या व्यवहारात याला उत्पादन वाटप करार म्हणतात. ऐकायला तो रास्त वाटतो आणि पुष्कळदा असतोही, कारण खोल समुद्रातल्या एका विहिरीवर शेकडो कोटी रुपये खर्च होतात आणि ती कोरडी निघाली तर ते पैसे बुडतात. ही जोखीम गरीब देशाच्या तिजोरीने का घ्यावी, हा प्रश्न खरा आहे. अडचण पुढे येते. बियाण्याची किंमत कसणाराच सांगतो, मजुरी किती लागली हेही तोच सांगतो, आणि मालकाला त्या वहीत काय लिहिले आहे हे समजत नसेल तर ‘उरलेले’ दरवर्षी थोडेच उरते.

दक्षिण अमेरिकेतल्या गयानाचे उदाहरण मला फार जवळचे वाटते. त्या सबंध देशाची लोकसंख्या सुमारे आठ लाख आहे. २०११च्या जनगणनेत एकट्या सोलापूर शहराची लोकसंख्या साडेनऊ लाख भरली होती, त्यावरून त्या देशाचा आकार ध्यानात यावा. तिथल्या दर दहा माणसांत जवळजवळ चार जण भारतीय वंशाचे आहेत. त्यांचे पूर्वज १८३८पासून उसाच्या मळ्यांवर गिरमिटिया म्हणून नेले गेले होते. या देशाच्या समुद्रात एक्सॉनमोबिल या अमेरिकी कंपनीला २०१५ साली लिझा येथे मोठा साठा सापडला. पुढच्या वर्षी करार झाला, पण तो जनतेला वाचायला मिळाला २०१७च्या डिसेंबरात. त्या करारानुसार स्वामित्वधन, म्हणजे खर्च वळता करण्याआधीच देशाला मिळणारा वाटा, २ टक्के आहे. उत्पादनाच्या ७५ टक्क्यांपर्यंत तेल कंपन्या आपल्या खर्चापोटी घेऊ शकतात आणि उरलेल्याची निम्मी-निम्मी वाटणी होते. खर्चाची मर्यादा पूर्ण वापरली गेली तर शंभर पिंपांतून देशाच्या वाट्याला नफ्याची साडेबारा आणि स्वामित्वधनाची दोन, अशी साडेचौदा पिंपे येतात.

हे प्रमाण वाईट आहे असे म्हणून थांबणे सोपे आहे, परंतु कॉस्टिंग शिकवणाऱ्याला त्यातली दुसरी एक गोष्ट जास्त खटकते. या करारात एका क्षेत्राचा खर्च त्याच क्षेत्रापुरता बांधून ठेवलेला नाही. पहिल्या विहिरीतून तेल येऊ लागले की तिसऱ्या, चौथ्या ठिकाणच्या शोधाचा खर्चही त्याच तेलातून वळता होतो. म्हणजे बटईदाराने शेजारच्या नव्या रानात विहीर खणायची आणि तिचे पैसे आपल्या ज्वारीच्या राशीतून कापायचे. त्यामुळे खर्च फिटण्याचा दिवस पुढे पुढे जातो. १९९९ ते २०१७ या काळात कंपनीने दाखवलेल्या सुमारे १६७ कोटी डॉलरच्या खर्चाची गयाना सरकारने आयएचएस मार्किट या बाहेरच्या संस्थेकडून तपासणी करून घेतली, तेव्हा त्यातल्या २१ कोटी ४० लाख डॉलरच्या खर्चावर आक्षेप निघाला. त्यावर पुढे बराच वाद झाला. मला त्यातली एवढीच बाब नोंदवायची आहे की, खडे मोजण्यासाठीसुद्धा त्या देशाला परदेशी माणूस बोलवावा लागला. आठ लाखांच्या देशात तेलाच्या हिशेबातले तज्ज्ञ कुठून येणार? सोलापुरात तरी असे किती मिळतील?

नायजेरियाची गोष्ट अधिक जुनी आहे आणि मला ती अधिक दुःखाची वाटते, कारण तो देश लहान नाही आणि त्याला वेळही भरपूर मिळाला होता. १९५६ साली ओलोइबिरी येथे शेल-बीपीला तेल लागले, १९५८मध्ये निर्यात सुरू झाली आणि १९६०मध्ये देश स्वतंत्र झाला. जमिनीवरून आणि किनाऱ्यालगतच्या उथळ पाण्यातून व्यवहार खोल समुद्राकडे सरकला, तेव्हा १९९३पासून उत्पादन वाटपाचे करार झाले. त्यानंतर १९९९चा जो कायदा आला, त्यात स्वामित्वधनाचा दर पाण्याच्या खोलीवर ठरवला गेला. जितके पाणी खोल तितका दर कमी, आणि एक हजार मीटरच्या पुढे तर शून्य. शोध लावणाऱ्याला उत्तेजन मिळावे हा त्यामागचा हेतू होता आणि त्या वेळी तेलाचा भाव इतका पडलेला होता की तो हेतू चुकीचा म्हणता येत नाही. शेलच्या बोंगा क्षेत्रात २००५ साली उत्पादन सुरू झाले आणि ते हजार मीटरहून अधिक खोल पाण्यात आहे.

त्याच कायद्यात असेही लिहिलेले होते की, तेलाचा भाव पिंपामागे वीस डॉलरच्या वर गेला की सरकारचा वाटा वाढेल अशा रीतीने अटींचा फेरविचार करावा. भाव वीसच्या वर गेला, पन्नासच्या वर गेला, शंभरही ओलांडून गेला. तरतूद कायद्यात तशीच पडून राहिली आणि दुरुस्ती झाली ती २०१९च्या नोव्हेंबरात. कलम लिहिणाऱ्याने आपले काम चोख केले होते. पण ते कलम रोज उघडून भावाशी ताडून पाहणे हे कुणाचे तरी काम असायला हवे होते, आणि इतकी वर्षे ते कुणीच केले नाही. परदेशी कंपनीने यात कायदा मोडला असे म्हणता येणार नाही. तिला जे मिळत होते ते तिने घेतले. आपल्या हक्काची आठवण समोरच्याने करून द्यावी, ही अपेक्षा कुठल्याच व्यवहारात धरता येत नाही.

बोंगाचे तरंगते जहाज, ज्यावर तेल काढून साठवले जाते, त्याचा सांगाडा दक्षिण कोरियात तयार झाला आणि त्यावरची यंत्रसामग्री इंग्लंडमध्ये बसवली गेली. नायजेरियाच्या किनाऱ्यावर ते जवळजवळ तयार होऊनच आले. अशा कामांतला काही भाग देशातच व्हावा यासाठी नायजेरियाने २०१०मध्ये कायदा केला. पुढे एगिना क्षेत्राच्या जहाजाचे काही काम लागोसच्या गोदीत झाले, म्हणजे सुरुवात झाली. मात्र आपल्याच समुद्रातले कच्चे तेल बाहेर पाठवून पेट्रोल बाहेरून आणायची वेळ त्या देशावर कित्येक वर्षे येत होती. आमच्या सोलापूरच्या यंत्रमागवाल्याला हे समजावून सांगावे लागत नाही. सूत व्यापाऱ्याचे, माल व्यापाऱ्याचा, भाव व्यापाऱ्याचा, माग मात्र आपल्या घरात, आणि महिनाअखेर हातात पडते ती फक्त मजुरी.

नॉर्वेचे नाव या विषयात सगळेच घेतात. त्या देशाची श्रीमंती आणि त्याचा प्रचंड निधी यांची वर्णने मी टाळतो. मला त्याची सुरुवात महत्त्वाची वाटते, कारण सुरुवातीला त्यांच्याकडे तेलातले काहीही नव्हते. १९६२च्या ऑक्टोबरमध्ये फिलिप्स या अमेरिकी कंपनीने नॉर्वे सरकारला पत्र लिहून त्यांच्या समुद्रात शोध घेण्याच्या परवानगीसाठी दरमहा १ लाख ६० हजार डॉलर देऊ केले. सरकारने घाई केली नाही. १९६३मध्ये समुद्रतळावर देशाचे सार्वभौमत्व जाहीर केले आणि १९६५मध्ये समुद्राचे चौकोन पाडून ते अनेक कंपन्यांना वाटून दिले, म्हणजे कुणा एकाचा मक्ता राहणार नाही. हा शहाणपणा त्यांना आभाळातून मिळालेला नव्हता. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला त्यांच्या धबधब्यांवर वीज करण्यासाठी परदेशी भांडवल आले होते, तेव्हा १९०६पासून त्यांनी परवान्याचे कायदे केले आणि ठरावीक मुदतीनंतर ते प्रकल्प सरकारकडे परत यावेत अशी अट घातली होती. तेलाच्या वेळी तोच जुना धडा त्यांनी पुन्हा गिरवला.

आणि मग १९६८ साली त्यांच्याकडे एक खडे मोजणारा माणूस चालत आला. फारूक अल-कासिम हे इराकचे भूशास्त्रज्ञ होते, इराक पेट्रोलियम कंपनीत त्यांनी काम केले होते. पत्नी नॉर्वेची होती आणि मुलाच्या आजारपणामुळे कुटुंबाने इराक सोडून तिच्या देशात येण्याचे ठरवले होते. ऑस्लोला उतरल्यावर पुढच्या गाडीला वेळ होता, म्हणून ते उद्योग मंत्रालयात गेले आणि नॉर्वेच्या समुद्रात काम करणाऱ्या तेल कंपन्यांची यादी मागितली, नोकरीसाठी अर्ज करता यावा म्हणून. मंत्रालयात तेलाचे काम पाहणारी माणसे मूठभर होती आणि कंपन्यांकडून येणाऱ्या विहिरींच्या अहवालांचे गठ्ठे त्यांच्यापुढे पडून होते. अल-कासिम यांनाच ते वाचण्याचे काम मिळाले. तोवर तीसहून अधिक विहिरी खणून झाल्या होत्या आणि कंपन्यांचा उत्साह मावळत चालला होता. अहवाल वाचून अल-कासिम यांचे मत झाले की इथे तेल असले पाहिजे. १९६९च्या अखेरीस एकोफिस्कचा प्रचंड साठा सापडला, तेव्हा सरकारच्या बाजूला ते काय आहे हे समजणारा निदान एक माणूस बसलेला होता.

१९७२मध्ये स्टॅटऑइल ही सरकारी कंपनी स्थापन झाली, त्याच वर्षी देखरेखीसाठी वेगळे संचालनालय उभे राहिले, म्हणजे तेल काढणारा आणि त्याच्यावर नजर ठेवणारा हे दोघे वेगळे राहिले. परदेशी कंपन्यांना कुणी हाकलले नाही. १९७४मध्ये स्टॅटफ्योर्डचा मोठा साठा सापडला तेव्हा काम चालवायला मोबिल ही अमेरिकी कंपनी होती आणि निम्मा हिस्सा स्टॅटऑइलचा होता. स्टॅटऑइलची माणसे मोबिलच्या माणसांशेजारी बसून शिकली आणि १ जानेवारी १९८७ला ते क्षेत्र चालवण्याचे काम मोबिलकडून स्टॅटऑइलकडे आले. तेरा वर्षांची ती शिकवणी होती. मला या सगळ्या इतिहासात हा भाग सर्वांत मोलाचा वाटतो आणि त्याच्याविषयी फारसे कुणी बोलत नाही.

आता आपल्याकडे येतो. स्वातंत्र्य मिळाले तेव्हा आपल्या देशात पेट्रोल आणि रॉकेल विकणाऱ्या मोठ्या कंपन्या बर्मा-शेल, स्टँडर्ड व्हॅक्यूम आणि कॅल्टेक्स या होत्या. केंद्रातले मंत्री केशवदेव मालवीय यांच्या आग्रहाने तेलशोधाचे सरकारी काम उभे राहिले आणि १९५६मध्ये ओएनजीसी आयोगाच्या रूपात स्थापन झाली. पश्चिमेकडच्या कंपन्या हात आखडून होत्या, त्यामुळे रशिया आणि रुमानियाकडून यंत्रे आणि तज्ज्ञ आले. खंभात, अंकलेश्वर येथे जमिनीवर तेल लागले. १९६३-६४च्या सुमारास एका सोव्हिएत जहाजाने खंभातच्या आखातात आणि पुढे समुद्रात भूकंपीय सर्वेक्षण केले, त्यातून मुंबईपासून १६० किलोमीटरवरच्या मुंबई हाय या समुद्रतळाखालच्या उंचवट्याचा सुगावा लागला. सागर सम्राट, म्हणजे समुद्रात विहीर खणणारी ती रिग, जपानमध्ये बांधला गेला. १९ फेब्रुवारी १९७४ रोजी तेल लागले आणि २१ मे १९७६ला उत्पादन सुरू झाले. क्षेत्राच्या विकासासाठी फ्रेंच सल्लागार घेतले होते. म्हणजे जहाज रशियाचे, रिग जपानची, सल्ला फ्रान्सचा. परदेशी हात तेव्हाही होतेच. फक्त विहीर कुठे घ्यायची, किती खोल जायचे आणि निघालेल्या तेलाचे काय करायचे हे ठरवणारी खुर्ची आपली होती.

मामेभावाला मी हे सांगत होतो तेव्हा त्याने मला एक गोष्ट सांगितली, जी मला ठाऊक नव्हती. मुंबई हायचे तेल मुख्यतः चुनखडीच्या थरात आहे आणि त्याखाली खोलवर जो तळ लागतो त्यात दख्खनचा काळा पाषाण आहे. काकांच्या शेतात त्या रात्री रॉड ज्याच्यावर घासत होते, त्याच लाव्ह्याचा तो पाषाण.

१९९४ साली मात्र आपण वेगळेच काही केले. पन्ना, मुक्ता आणि ताप्ती ही क्षेत्रे ओएनजीसीने शोधलेली होती, म्हणजे कोरड्या विहिरींची जोखीम देशाने आधीच सोसलेली होती. ती पंचवीस वर्षांसाठी एका संयुक्त उपक्रमाला देण्यात आली. त्यात ओएनजीसीचे ४० टक्के, रिलायन्सचे ३० टक्के आणि एन्रॉनचे ३० टक्के होते. एन्रॉन म्हटले की महाराष्ट्राला दाभोळ आठवते, विजेचा दर आठवतो, मोर्चे आठवतात. तीच एन्रॉन मुंबईच्या समुद्रातले तेल आणि वायूही काढत होती, हे माझ्या वर्गातल्या एकाही विद्यार्थ्याला ठाऊक नव्हते. पुढे एन्रॉन कोसळली आणि २००२मध्ये तो हिस्सा ब्रिटिश गॅसकडे गेला. २०१०पासून खर्चवसुलीच्या मर्यादेवरून आणि सरकारच्या वाट्यावरून भारत सरकार आणि त्या कंपन्या यांच्यात लवादाचा वाद सुरू झाला. २०१९च्या डिसेंबरात मुदत संपून पन्ना आणि मुक्ता ही क्षेत्रे ओएनजीसीकडे परत आली. बटईदार परदेशी असो की आपला, खर्चाची वही त्याच्याकडे असेल तर तंटा ठरलेलाच असतो. कृष्णा-गोदावरी खोऱ्यातील करारांवर नियंत्रक व महालेखापरीक्षकांनी २०११मध्ये ओढलेले ताशेरे हे मुख्यतः एका भारतीय कंपनीच्या खर्चाविषयीच होते. २०१६च्या नव्या धोरणात खर्चवसुलीची पद्धत सोडून उत्पन्नाची थेट वाटणी स्वीकारली गेली, हे मला योग्य पाऊल वाटते.

मग बीपीचे काय? मामेभावाच्या प्रश्नाला मी जे उत्तर दिले ते असे. हा करार पन्ना-मुक्तासारखा नाही. मालकी ओएनजीसीची आहे, क्षेत्र चालवणेही ओएनजीसीकडेच राहणार आहे. बाहेरच्या कंपनीला सुरुवातीची दोन वर्षे ठरलेली फी आणि त्यानंतर जे जास्तीचे उत्पन्न मिळेल त्यातला काही हिस्सा मिळायचा आहे. पन्नास वर्षे उपसलेल्या क्षेत्रातून उरलेले तेल काढणे हे वेगळे शास्त्र आहे. आपण लागणाऱ्या कच्च्या तेलापैकी ८५ टक्क्यांहून अधिक बाहेरून आणतो, तेव्हा ते शास्त्र ज्याला येते त्याला बोलावण्यात कमीपणा नाही. पण ‘जास्तीचे’ हा शब्द सगळ्या व्यवहाराचा कणा आहे. काहीच नवे केले नसते तर उत्पादन दरवर्षी किती घटले असते, ती रेघ आधी मारावी लागते आणि त्या रेघेच्या वरचे ते जास्तीचे. रेघ जरा खाली मारली गेली तर एकही विहीर न सुधारता ‘जास्तीचे’ तयार होते. ती रेघ मारण्याइतके आपल्या साठ्याचे ज्ञान आपल्या माणसांकडे असले पाहिजे, आणि दहा वर्षांनी ती कंपनी जाईल तेव्हा ती काय करत होती हे आपल्या माणसांना येत असले पाहिजे. माझी मागणी एवढीच आहे, आणि ती मी पूर्ण आग्रहाने करतो. करारात फीच्या कलमाइतक्याच ठळकपणे हे लिहिलेले असावे की शेजारच्या खुर्चीवर आपले किती लोक बसतील, कोणत्या कामाला बसतील आणि कितव्या वर्षी ते काम त्यांच्याकडे येईल.

सोलापूरचा समुद्राशी काय संबंध, असे मला एका सहकाऱ्याने विचारले. मुंबईहून पुण्यामार्गे येणारी तेलाची नळवाहिनी आमच्याजवळ पाकणीला पोहोचते आणि तिथून निघणारे टँकर आपण रोज पुणे रस्त्यावर पाहतो, हा एक संबंध झाला. दुसरा मला जास्त जवळचा वाटतो. आमच्या विद्यापीठात भूशास्त्र शिकवले जाते, माझ्या वर्गात कॉस्टिंग शिकवले जाते आणि या दोन्ही वर्गांतली मुले एकमेकांना ओळखतही नाहीत. यंदापासून मी माझ्या तृतीय वर्षाच्या मुलांना खर्चवसुलीचे एक उदाहरण सोडवायला देतो. त्यात गयानाचेच प्रमाण घातलेले आहे. पहिल्या तासाला बहुतेकांचे उत्तर चुकते, कारण दुसऱ्या क्षेत्राचा खर्च पहिल्या क्षेत्रातून कापला जाऊ शकतो हे त्यांच्या लक्षातच येत नाही.

मामेभाऊ ज्या रात्री परत निघाला, त्या रात्री त्याला सिद्धेश्वर एक्सप्रेसला सोडायला मी स्टेशनवर गेलो होतो. वाटेत मी त्याला विचारले की तुमच्या प्लॅटफॉर्मवर बाहेरच्या सर्व्हिस कंपन्यांची माणसे येतात, त्यांचे काम तुम्हा लोकांना समजते का? तो म्हणाला, ‘वायरिंगचे समजते अण्णा. पण ते विहिरीत यंत्र सोडून आलेख काढतात ना, ते काय वाचतात ते नाही समजत. कधी विचारले नाही. आपण ठेकेदाराची माणसे, कोण सांगणार?’ मी म्हटले, विचारून तर बघ. गाडीला अजून वीस मिनिटे होती. तो बाहेर जाऊन आला तेव्हा त्याच्या हातात पाण्याची बाटली आणि दोनशे पानी वही होती.

मार्चमध्ये तो पुन्हा घरी आला तेव्हा ती वही मला दाखवली. बावीस पाने भरली होती, अर्धे शब्द मराठीत आणि उरलेले ऐकू आले तसे देवनागरीत लिहिलेले. एका पानावर त्याने विहिरीचे चित्र काढले होते आणि पाणी, वायू, तेल कुठल्या रेषेने ओळखायचे ते बाणांनी दाखवले होते. दोन बाणांपुढे प्रश्नचिन्ह होते. ‘हे दोन अजून कळले नाहीत,’ तो म्हणाला, ‘पुढच्या पाळीत विचारतो.’